प्रश्न तुमचे : तीन रेघांचं स्वरलेखन

प्रश्न : कॅनडातले अ‍ॅनिमेशनपटकार नॉर्मन मॅक्लॅरेन यांच्या 'ब्लिंकिटी ब्लँक' (1955) या प्रयोगपटाला मॉरिस ब्लॅकबर्न यांचं संगीत आहे. वादक त्यात मनाला येईल ते वाजवतात की सगळं लिहून दिलेलं आहे?

उत्तर : अर्धंच लिहिलेलं आहे. वाद्यं पाच : बासरी, ओबो, क्लॅरिनेट, बॅसून ही फुंकवाद्यं आणि चेलो हे तंतुवाद्य. पाश्चात्त्य स्वरलेखनातल्या नेहमीच्या पाच रेघांऐवजी ब्लॅकबर्न यांनी तीनच आखल्या, म्हणजे वाद्याचा वरचा, मधला आणि खालचा पट्टा. स्वर किती वेळ धरायचा ते ठरलेलं, कोणता लावायचा ते वादकानं पाहायचं. शेजाऱ्याशी जुळवण्याची भानगड नाही. या चित्रपटाला हेच शोभतं. काळ्या फिल्मवर कोरलेली आकृती एकदोन फ्रेम चमकते, मग अंधार. तिथे गुणगुणण्याजोगी चाल असती तर तिनं ते अंधाराचे तुकडे शिवून टाकले असते.

प्रश्न : मधूनमधून 'टक्', 'फट्' असे आवाज येतात, ते कोणत्या वाद्याचे? आम्हाला काढता येतील का?

उत्तर : ते वाद्याचे नाहीत, फिल्मच्या ध्वनिपट्टीवर थेट ओरखडून काढलेले आहेत. 35 मिमी फिल्मवर ही पट्टी चित्र आणि छिद्रं यांच्यामधे, जेमतेम अडीच मिमी रुंद असते. प्रोजेक्टर तिच्यातून प्रकाश सोडतो आणि त्याच्या चढउताराचा आवाज करतो. काळी फिल्म घ्या आणि सुईनं आडवे ओरखडे काढा. रुंद ओरखडा मोठा वाजतो, अरुंद हळू. उभी सलग रेघ ओढलीत तर काहीच ऐकू येणार नाही, कारण प्रकाश बदलला तरच आवाज होतो. फक्त सुरुवातीला आणि शेवटी 'टक्' होईल.

सूर हवा असेल तर हिशेब सोपा आहे. सेकंदाला 24 फ्रेम, म्हणून एका फ्रेमच्या उंचीत 8 समान ओरखडे म्हणजे सेकंदाला 192 कंपनं. 8 ला षड्ज माना : 9 वर शुद्ध रिषभ, 10 वर गंधार, 12 वर पंचम, 15 वर निषाद, 16 वर तार षड्ज. मध्यम आणि धैवत पूर्णांकात बसत नाहीत. पूर्ण सप्तकासाठी षड्ज 24 वर न्यावा लागतो (24, 27, 30, 32, 36, 40, 45, 48), पण 19 मिमीत 48 ओरखडे हातानं समान काढणं अवघडच. पहिल्या प्रयत्नात सूर सोडा, ठोक्यांवर भर द्या.

हमखास होणारी चूक : चित्राच्या शेजारीच ओरखडा काढणं. प्रोजेक्टरमधे ध्वनी वाचणारा भाग चित्राच्या खिडकीच्या 21 फ्रेम पुढे असतो, म्हणजे चित्र दाखवून झाल्यावर फिल्म तिथे पोचते. तेव्हा आवाज 21 फ्रेम आधीच्या जागी कोरा, नाहीतर तो जवळजवळ 0.9 सेकंद उशिरा येईल. बोटांचे ठसेही वाजतात. सुती हातमोजे घाला.

प्रश्न : मॅक्लॅरेन यांच्या एखाद्या चित्रपटाला भारतीय संगीत आहे का?

उत्तर : हो. क्लोद जुत्रा यांच्यासोबत केलेल्या 'अ चेअरी टेल' (1957) मधे पं. रविशंकर यांची सतार आणि चतुरलाल यांचा तबला आहे. गोष्ट एवढीच, की खुर्ची माणसाला बसू देत नाही. त्या दोघांच्या झटापटीत तबला ऐका.