मेसापिया: दोन समुद्रांमधलं ‘आप’

प्रश्न असा आला आहे: “इतिहासावरच्या एका लेखाचा अनुवाद करताना ‘मेसापिअन’ हा शब्द भेटला. आधी वाटलं, ‘मेसोपोटेमियन’ छापताना घोटाळा झाला असावा. पण लेख दक्षिण इटलीवरचा आहे आणि त्यात ‘मेसापिअन घडा’ असा उल्लेख आहे. एका स्नेह्यांनी सांगितलं की या नावात संस्कृतातले ‘मध्य’ आणि ‘आप’ दडले आहेत. हे खरं का? तसं असेल तर हे लोक आपल्याकडून तिकडे गेले असं म्हणायचं का? आणि मराठीत हा शब्द लिहावा कसा?”

शब्द बरोबर आहे, छपाईची चूक नाही. इटलीच्या नकाशात जो बूट दिसतो त्याची टाच म्हणजे आजचा सालेंतो. लेच्चे, ब्रिंडिसी, ओत्रांतो ही तिथली गावं. रोमन सत्ता तिथवर पोचण्याआधी या टाचेवर जे लोक नांदत होते त्यांना ग्रीक ‘मेस्सापिओई’ म्हणत आणि त्यांच्या मुलखाला ‘मेस्सापिया’. त्यांच्या उत्तरेला पेउकेती, त्याहून वर दाउनी. या तिघांना मिळून ग्रीकांनी ‘इआपिगी’ असं सामायिक नाव ठेवलं होतं.

आता ‘मध्य’ आणि ‘आप’. ही व्युत्पत्ती कुणी हौसेनं जुळवलेली नाही, भाषाशास्त्रात ती रीतसर मांडली गेली आहे. मूळ भारत-युरोपीय भाषेतला ‘मेध्यो’, म्हणजे आपला ‘मध्य’, आणि पाण्याचा ‘अप्’. दोन्ही मिळून ‘पाण्यांच्या मधला मुलूख’. नकाशा उघडून बघा. एका अंगाला एड्रिॲटिक समुद्र, दुसऱ्या अंगाला आयोनियन, मध्ये जमिनीची जीभ. ग्रीक भूगोलकार स्ट्राबो लिहितो की ब्रिंडिसीहून तारांतोला कंबर कसून चालणारा माणूस एका दिवसात पोचतो. सकाळी एका समुद्राचा निरोप घ्यायचा आणि संध्याकाळी दुसऱ्या समुद्राकाठी पथारी टाकायची, एवढंच ते अंतर.

या ‘अप्’विषयी थोडं थांबून सांगायला हवं, कारण तो आपल्या रोजच्या शब्दांत बसलेला असतो आणि ओळखू येत नाही. पाणिनीचं सूत्र आहे, ‘द्व्यन्तरुपसर्गेभ्योऽप ईत्’. द्वि, अन्तर् किंवा उपसर्ग यांच्यापुढे ‘अप’ आला की त्यातल्या ‘अ’चा ‘ई’ होतो. म्हणून द्वि आणि अप मिळून द्वीप, अन्तर् आणि अप मिळून अन्तरीप, सम् आणि अप मिळून समीप. ‘समीप’मध्ये पाणी आहे हे मला पहिल्यांदा कळलं त्या दिवशी मी घरात भेटेल त्याला ते सांगत सुटलो होतो. फारसीत त्याच पाण्याचा ‘आब’ झाला. पंजाब आणि दुआब हे उघडच आहेत, पण गुलाब म्हणजे मुळात फुलाचं पाणी, आणि आपण ‘आब राखून’ बोलतो तो आबही तोच. पाण्याचं तेज माणसाला चिकटलं. बाल्टिक समुद्राकाठच्या प्राचीन प्रशियन भाषेत ‘आपे’ म्हणजे नदी, लिथुएनियनमध्ये ‘उपे’. तेव्हा ‘मेसापिया’चा अर्थ एका शब्दात सांगा म्हटलं तर तो तयारच आहे: अंतरीप.

तुम्हाला ‘मेसोपोटेमिया’ आठवला तेही वावगं नाही. ते नाव ग्रीकांनी घडवलं, ‘मेसोस’ म्हणजे मधला आणि ‘पोटामोस’ म्हणजे नदी. ‘मेसोस’ हा ‘मध्य’चाच ग्रीक भाऊ. म्हणजे वरची व्युत्पत्ती मानली तर दोन्ही नावांचं पहिलं पद एकच ठरतं, फक्त एकात दोन नद्या आहेत आणि दुसऱ्यात दोन समुद्र.

तरी मी ही व्युत्पत्ती सिद्ध झाली असं म्हणणार नाही. अडचण त्या ‘स्स’ची आहे. ‘ध्य’चा ‘स्स’ आणि मग ‘स’ होणं ही ग्रीक भाषेची खोड आहे. मेसापी लोकांच्या स्वतःच्या भाषेत ‘द्य’ची वाट वेगळी होती. ‘द्यौः’ या देवनामाचं त्यांच्याकडे ‘झिस’ झालेलं दिसतं. मग हे नाव त्यांनीच स्वतःला दिलं असतं तर त्यात ‘स्स’ कुठून आला असता? शिवाय ग्रीसमध्ये बिओशिया प्रांतात मेस्सापिओन नावाचा डोंगरही आहे. स्ट्राबो तर सांगतो की मेस्सापिया हे ग्रीकांचं बोलणं. तिथले लोक आपल्या मुलखाचे दोन भाग धरतात, भूशिराकडचा सालेंतिनींचा आणि दुसरा कलाब्रींचा. रोमन लेखक प्लिनी म्हणतो, मेस्सापुस नावाच्या नायकावरून नाव पडलं. माझा कौल असा, की नावाचा अर्थ पटतो, पण आज दिसणारं त्याचं रूप ग्रीक जिभेवरून आलेलं आहे.

कलाब्री शब्दाची एक गंमतही सांगून टाकतो, अनुवादात हमखास ठेच लागते अशी ती जागा आहे. प्राचीन लेखनात ‘कलाब्रिया’ आला की तो टाचेचा मुलूख. पुढे बायझंटाइन, म्हणजे पूर्व रोमन, सत्तेच्या हातून टाच गेली आणि ते नाव सरकत बुटाच्या चवड्याकडे गेलं. आजचा कलाब्रिया प्रांत तिथे आहे.

आता तुमचा दुसरा प्रश्न, आपल्याकडून तिकडे गेले का. नाही. आणि हे ठामपणे सांगता येतं ते त्यांच्या भाषेमुळे. मेसापी भाषेचे सुमारे सहाशे कोरीव लेख सापडले आहेत, इ. स. पू. सहाव्या शतकापासून साधारण दुसऱ्या शतकापर्यंतचे. बहुतेक थडग्यांवरचे, म्हणजे नुसती नावं. पण काही बोलके आहेत. त्यांतल्या कित्येकांची सुरुवात एकाच हाकेनं होते: ‘क्लाओही झिस’. अर्थ, ‘ऐक, झिस!’

ही दोन पदं हातात घेऊन बघा. ‘झिस’ म्हणजे ग्रीकांचा झेउस, आपला द्यौः. ‘क्लाओही’मध्ये जो धातू आहे तोच संस्कृतात ‘श्रु’ झाला. ऋग्वेदात त्याचं ‘श्रोषि’ असं आज्ञार्थी रूप येतं, ‘महि नः श्रोष्यग्ने’. तिथलं ‘षि’ आणि इथलं ‘ही’ एकच. मेसापीत दोन स्वरांमधल्या ‘स’चा ‘ह’ होतो, जसा इराणी भाषांत सिंधूचा हिंदू झाला. म्हणजे वेदातला ऋषी अग्नीला ज्या क्रियापदानं हाक मारतो, त्याच क्रियापदाच्या बहिणीनं सालेंतोमधला माणूस आकाशदेवाला हाक मारत होता. माझ्या अंगावर अजूनही काटा येतो.

पण ‘श्र’ आणि ‘क्ल’ यांतला फरक तेवढाच महत्त्वाचा. मेसापी जर संस्कृतातून निघाली असती तर तिथे ‘श’चा काही माग राहिला असता, ‘र’ आणि ‘ल’चा हिशेब जुळला असता. तो जुळत नाही. दोघी एका आजीच्या नाती आहेत, एक दुसरीच्या पोटची नाही. एका बाबतीत मात्र नातींचा चेहरा फसवण्याइतका सारखा आहे. मूळ ‘ओ’ दोन्हीकडे ‘अ’ झाला. म्हणून जिथे ग्रीक पुरुषनावं ‘ओस’नं संपतात तिथे मेसापी नावं ‘अस’नं संपतात, दाझिमस, प्लातोरस. संस्कृत कानाला ती आपलीच वाटतात. पण हा बदल दोन भाषांनी आपापल्या घरी केलेला आहे.

वास्ते नावाच्या गावात एक मोठा लेख होता. सोळाव्या शतकाच्या सुरुवातीला गालातेओ या सालेंतोतल्याच विद्वानानं त्याची नक्कल उतरवली. मूळ दगड हरवला, नक्कल राहिली. सुरुवात अशी: ‘क्लोही झिस थोतोरिया मार्ता पिदो वास्तेइ बास्ता वेइनन अरन’. ढोबळ अर्थ, ‘ऐक झिस, थोतोरिया मार्तानं बास्ता नगराला आपलं शेत दिलं.’ ‘वास्तेइ’ म्हणजे नगराला. ग्रीक ‘आस्तू’ आणि आपला ‘वास्तु’ यांच्याशी त्याचं नातं लावतात. ‘पिदो’मध्ये ‘दा’ धातू, देण्याचा. थोतोरिया मार्ता ही बाई आहे, आणि ती स्वतःच्या नावावरची जमीन गावाला देते आहे. पुढचा मजकूर अजून पुरता उलगडलेला नाही, पण एवढं एक वाक्य सातबाऱ्यावरच्या नोंदीसारखं स्पष्ट वाचता येतं.

मग हे लोक आले कुठून? समुद्रापलीकडून, बाल्कनच्या बाजूनं, असं बहुतेक अभ्यासक मानतात. ओत्रांतोपासून पलीकडचा अल्बेनियाचा किनारा ७०-७५ किलोमीटरवर आहे, हवा स्वच्छ असली की तिकडचे डोंगर दिसतात. आणि जिवंत भाषांत मेसापीला सर्वात जवळची कोण म्हटलं तर अल्बेनियनच पुढे येते. मेसापीत ‘बिलिया’ म्हणजे मुलगी, अल्बेनियनमध्ये ‘बिये’. सालेंतिनी लोकांचा एक देव होता, युपिटर मेंझाना. त्याच्यासाठी जिवंत घोडा आगीत टाकत असं रोमन कोशकार फेस्तुस लिहितो. अल्बेनियनमध्ये ‘मझ’ म्हणजे शिंगरू. आणि सगळ्यांत देखणा पुरावा ब्रिंडिसीचा. स्ट्राबो सांगतो की मेसापी भाषेत हरणाच्या डोक्याला जो शब्द आहे त्यावरून या गावाचं नाव पडलं. तिथलं बंदर आत शिरताना दोन फाट्यांत दुभंगतं, वरून पाहिलं तर शिंगांची जोडी. अल्बेनियनमध्ये शिंगाला ‘ब्री’ म्हणतात.

या ब्रिंडिसीशी मुंबईचाही संबंध आला होता. १८७० पासून पहिल्या महायुद्धापर्यंत लंडनची टपाल आगगाडीनं ब्रिंडिसीला यायची आणि तिथून बोटीनं सुएझमार्गे मुंबईला. हरणाच्या शिंगाचं ते मेसापी नाव अशा वाटेनं आपल्याकडे पोचलं.

एक सावधगिरी. आज सालेंतोत काही गावांत ग्रिको नावाची ग्रीक बोली आहे आणि सान मार्त्सानो या गावी अल्बेनियन वळणाची आर्बरेश बोलतात. यांतली कुठलीही मेसापीची वारस नाही. आर्बरेश लोक पंधराव्या शतकापासून पुढे आले. मेसापी त्याच्या कितीतरी आधी मावळली होती.

लोक कसे होते? घोड्यांचे शौकीन, तटबंदी बांधण्यात पक्के. मांदुरिया गावाभोवती त्यांच्या भिंतींचे पट्टे अजून उभे आहेत. शेजारच्या तारांतोतल्या ग्रीकांशी त्यांचं पिढ्यान्‌पिढ्या वैर. तारांतोकरांनी एकदा विजयाची खूण म्हणून ग्रीसमधल्या डेल्फीच्या देवस्थानाला ब्राँझचे घोडे आणि कैदी मेसापी स्त्रियांचे पुतळे वाहिले. पण इ. स. पू. ४७३ च्या सुमारास मेसापींनी त्यांना असं झोडपलं की ग्रीक इतिहासकार हेरोडोटस त्याला आपल्याला ठाऊक असलेली ग्रीकांची सर्वात मोठी कत्तल म्हणतो. बुटाच्या चवड्यावरच्या रेगिओन या ग्रीक नगराचे एकट्याचे ३००० मदतनीस पडले, तारांतोच्या मेलेल्यांची तर मोजदादच नाही. हाच हेरोडोटस या लोकांचं मूळ क्रीट बेटातून वादळानं भरकटलेल्या खलाशांत शोधतो. ती कथा म्हणून वाचावी. आणि ज्या तारांतोशी वैर, तिथल्याच ग्रीकांकडून त्यांनी लिपी उचलली, मग आपल्या आवाजांना बसेल अशी वाकवली.

त्यांच्या देवळांत बायका पुजारी होत्या. लेखांत ‘ताबारा’ हा शब्द येतो, ‘ताबारा दामात्रस’, दिमीटर देवीची पुजारीण. त्यात ‘भृ’ धातू आहे, नैवेद्य वाहून आणणारी ती ताबारा. आपला ‘भार’ त्याच घरचा. रोका वेक्या इथे समुद्राकाठी एक गुहा आहे, तिच्या भिंती ताओतोर नावाच्या देवाला वाहिलेल्या लेखांनी भरल्या आहेत. ते १९८३ मध्ये उजेडात आले. गुहेचं नाव पोएझिया. इटालियनमध्ये त्याचा अर्थ कविता, म्हणून लोकांनी त्याभोवती गोष्टी रचल्या; पण ते नाव पिण्याच्या पाण्यासाठीच्या ग्रीक शब्दावरून आलं असं सांगतात.

इ. स. पू. २६६ पर्यंत रोमनांनी हा सगळा मुलूख घेतला. लॅटिन काव्याचा जनक एन्नियुस इ. स. पू. २३९ मध्ये लेच्चेजवळच्या रुदिए या मेसापी गावात जन्मला. आपल्याला तीन हृदयं आहेत असं तो म्हणे, कारण तो ग्रीक, ऑस्कन (दक्षिण इटलीतलीच एक जुनी भाषा) आणि लॅटिन बोलायचा. गावची भाषा त्या तिघांत नाही. तरीही आपला वंश तो राजा मेस्सापुसशी जोडत असे. मला हे फार लागतं.

आता लेखन. ‘मेसापिअन’मधला ‘इअन’ हा इंग्रजीचा प्रत्यय आहे, आपल्याला त्याची गरज नाही. इराणी, जपानी, अरबी या चालीवर मेसापी लोक, मेसापी भाषा लिहावं, मुलूख मेसापिया. ग्रीक जोड ‘स्स’ व्युत्पत्तीची चर्चा असेल तिथेच ठेवावा.

तुमच्या लेखातला ‘मेसापिअन घडा’ म्हणजे बहुधा ट्रोत्सेल्ला. दोन उंच कान आणि कानांच्या टोकांना चाकासारख्या चकत्या असलेला हा घडा बायकांच्या थडग्यांत ठेवलेला सापडतो. त्या चकत्यांवरूनच तिथल्या बोलीत त्याला ‘चाकुली’ अशा अर्थाचं हे नाव पडलं. ‘मेसापी घडा’ म्हटलंत तर चालेल, पण पहिल्यांदा येईल तिथे ‘चाकुल्यांच्या कानांचा’ एवढं जोडा, म्हणजे वाचणाऱ्याच्या डोळ्यांपुढे तो उभा राहील.