स्वतंत्रपणे जगू पाहणाऱ्या बाईवरचा एखादा जुना जर्मन मूकपट सुचवाल का?

अर्न्स्ट लुबिच यांचा १९१८चा ‘इश म्योख्टे काइन मान झाइन’ बघा, म्हणजे ‘मला पुरुष व्हायचं नाही’. जेमतेम पाऊण तासाचा आहे.

ओसी (ओसी ओस्वाल्डा, धमाल नटी!) सिगारेट ओढते, पत्ते कुटते. तिला सांभाळणारी बाई आधी ओरडते आणि मग स्वतःच झुरके मारत बसते. काका परगावी गेल्यावर कडक शिस्तीचा नवा पालक येतो, तेव्हा ओसी सरळ पुरुषी सूट शिवून घेते. माप कोणी घ्यायचं यावरून दुकानातल्या माणसांची जी झोंबाझोंबी होते, ती बघाच. पण बो टाय बांधतानाच तिच्या नाकी नऊ येतात, आणि बाहेर गर्दीत पुरुष म्हणून कोणी सवलत देत नाही ते वेगळंच. पुढे नाचाच्या पार्टीत तोच पालक भेटतो. शॅम्पेन चढते आणि तिला मुलगा समजूनच तो तिचे मुके घेतो. १९१८ साली हे पडद्यावर!

शेवट मात्र गुळमुळीत वाटला. बंडखोर पोरगी शेवटी त्याच्याच मिठीत. गंमत म्हणजे त्याच वर्षी नोव्हेंबरात जर्मन बायकांना मताधिकार मिळाला.