तदर्थ नेमणुकीची वर्षे ज्येष्ठतेत धरली जातात का? यादीत कनिष्ठ सहकारी माझ्यावर गेला, आता काय करू?

सगळं पहिल्या नेमणुकीवर ठरतं. महाराष्ट्रातल्याच सरळसेवा आणि पदोन्नत अभियंत्यांच्या वादात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1990 मध्ये सांगितलं, की नेमणूक नियमानुसार झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून मोजायची, कायम झाल्याच्या तारखेपासून नाही. मात्र नियम डावलून, केवळ तात्पुरती सोय म्हणून झालेल्या तदर्थ नेमणुकीचा काळ धरता येत नाही. म्हणून आधी तुमचा मूळ नेमणूक आदेश काढा आणि त्यातला शब्दन् शब्द वाचा.

तात्पुरती यादी निघाली असेल तर दिलेल्या मुदतीत लेखी हरकत द्या, पोच घ्या. तोंडी आश्वासनावर अजिबात विसंबू नका.

अंतिम यादीविरुद्ध राज्य कर्मचाऱ्याला मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जाता येतं. अंतिम आदेशापासून एक वर्षाची मुदत असते. निवेदनावर सहा महिने उत्तरच आलं नाही, तर त्यापुढे एक वर्ष. इथेच माणसं फसतात, आणि याचं मला फार वाईट वाटतं: निवेदनांमागून निवेदनं देत राहतात, पण त्याने मुदत वाढत नाही. जुनी, स्थिरावलेली ज्येष्ठता उशिरा आलेल्यासाठी न्यायालयं सहसा हलवत नाहीत.

ज्यांची ज्येष्ठता खाली जाईल त्या सहकाऱ्यांनाही प्रतिवादी करा. कनिष्ठाची पदोन्नती आधीच झाली असेल तर मानीव दिनांकाची, म्हणजे त्याच तारखेपासून तुम्हालाही पदोन्नती मिळाली असं धरण्याची, मागणी मॅटमधल्या त्याच अर्जात स्पष्ट लिहा.