मेरी कोम व्हायचंय, मग बारावीचं काय?

ताई, पत्र वाचलं. मुलगी अकरावी सायन्सला, बॉक्सिंग चांगलं करते आणि आता कॉलेज सोडून फुल टाइम खेळायचं म्हणते, कारण काय तर मेरी कोमनेही शाळा सोडली होती. आणि बाबांना टेन्शन की नाक फुटलं तर लग्न कसं जमणार. बाबांचं राहू दे, त्यांना एक मॅच बघायला घेऊन जा.

मेरी कोमने शाळा सोडली हे खरंय, पण नंतर तिने एनआयओएसमधून, म्हणजे घरून अभ्यास करून परीक्षा देता येते त्या सरकारी ओपन स्कूलमधून, परीक्षा दिली आणि चुराचांदपूर कॉलेजातून ग्रॅज्युएशनही केलं, हे रीलमध्ये कुणी टाकत नाही.

आता तिचं करिअर नीट बघा. 2002, 2005, 2006, 2008, 2010, पाच वर्ल्ड चॅम्पियनशिप गोल्ड, मध्ये जुळी मुलंसुद्धा झाली, आणि तोपर्यंत ऑलिम्पिकमध्ये बायकांचं बॉक्सिंगच नव्हतं! ते आलं 2012 ला लंडनमध्ये, तेही फक्त तीन वजनी गटांत, 51, 60 आणि 75 किलो. ही 46-48 ची, म्हणजे तिचा गटच नाही, मग वजन वाढवून स्वतःपेक्षा उंच पोरींशी खेळली आणि ब्राँझ आणलं. 2018 ला दिल्लीत सहावं गोल्ड, परत 48 मध्येच. आणि शेवटी चाळिशीची वयोमर्यादा आडवी आली, खेळायची इच्छा होती तरी. गट कुठला, वय किती, ऑलिम्पिकमध्ये खेळ असणार की नाही, यातलं काहीच बॉक्सरच्या हातात नसतं हो. 2028 साठी बॉक्सिंग राहणार की नाही हेसुद्धा 2025 मध्ये नक्की झालं.

म्हणून दुसरा रस्ता हाताशी हवा. अमॅच्युअरमध्ये बक्षिसाच्या पैशावर घर चालत नाही, घर चालतं नोकरीवर. आपल्या बॉक्सरच बघा, लवलीना आसाम पोलिसात डीएसपी, निखत झरीन तेलंगणात डीएसपी. पण ते मोठ्या मेडलनंतर. आपल्याकडे सरकारी भरतीत खेळाडूंना 5 टक्के आरक्षण आहे, फक्त पोस्टला लागणारं शिक्षण तरी हवंच ना! कोच व्हायचं तर पटियालाच्या एनआयएस या क्रीडा संस्थेचा डिप्लोमा आहे.

पण पोरगी अगदीच चुकीचं बोलत नाहीये. 17-18 वर्षं हा यूथ गट, आणि 19 लागलं की थेट सीनियर, तिथे नॅशनल कॅम्पमधल्या मुलींशी गाठ, त्यामुळे नेमकी हीच दोन वर्षं महत्त्वाची आहेत. माझं मत विचाराल तर सायन्स सोडा, बारावी सोडू नका. आर्ट्स घ्या नाहीतर एनआयओएस, म्हणजे सकाळ-संध्याकाळ प्रॅक्टिस होईल आणि सर्टिफिकेटही हातात राहील. आणि खालच्या वजनी गटात बसवायला कोच जेवण-पाणी तोडायला सांगत असतील तर ते आधी बंद करा, वाढीचं वय आहे.

पुढच्या पत्रात तिचं वजन, उंची आणि आजवर किती बाउट (म्हणजे लढती) झाल्या ते कळवा. जिल्ह्याच्या की स्टेटच्या तेही लिहा, त्यावर बरंच ठरेल.