मांजराचं दीड महिन्याचं पिल्लू शिंकतंय आणि त्याचे डोळे चिपडाने चिकटतात, माझ्या आईचे डोळ्यांचे थेंब घालू का?

नको, ते थेंब अजिबात घालू नका. माणसांच्या काही थेंबांत स्टेरॉइड असतं आणि डोळ्यावर ओरखडा किंवा व्रण असेल तर त्याने तो चिघळतो, प्रसंगी डोळा जातो.

दीड महिन्याचं पिल्लू, सोबत शिंका, म्हणजे बहुतेक मांजरांचा हर्पिस विषाणू. तो माणसाला लागत नाही, पण मांजराच्या अंगात जन्मभर राहतो आणि ताण आला की पुन्हा डोकं वर काढतो. म्हणून बाकीच्या मांजरांपासून पिल्लू वेगळं ठेवा, वाटीही वेगळी.

चिपडं ओढून काढू नका. उकळून कोमट केलेल्या पाण्यात कापूस भिजवून मिटल्या डोळ्यावर अर्धा मिनिट धरा. खपली मऊ पडली की नाकाकडून बाहेर अलगद पुसा. दुसऱ्या डोळ्याला नवा कापूस. आमच्या मनीचं पिल्लू असं पुसल्यावर पहिल्यांदा डोळे किलकिले करून माझ्याकडे बघत राहिलं, ते अजून आठवतं. नाक चोंदलं की वास येत नाही आणि पिल्लू खात नाही. उकडलेला बांगडा काटे काढून, कोमट करून नाकापुढे धरा.

तरी तालुक्याच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात न्याच, औषध तिथलंच घाला. डोळा घट्ट मिटलेला, निळसर-पांढरा झालेला किंवा दोन बाहुल्या लहानमोठ्या दिसल्या तर त्याच दिवशी. कोकणातला पाऊस असला तरी पिशवीत घालून निघा.