कोर्टाच्या सीनमध्ये न्यायाधीश झाले, आता मीच आरोपी होईन का?

प्रश्न : मी बेळगावची हौशी नाट्यकलाकार. कोर्टावरची वेब मालिका म्हणून गोव्यात एक दिवस शूटिंग केलं. न्यायाधीश बनून शिक्षा सुनावायची, एवढंच माझं काम. आता कळलं, की खोटा खटला आणि त्यापुढची 'शिक्षा' दाखवणाऱ्या अश्लील मालिकेत तो भाग जोडलाय. काढायचे ५० हजार मागतात. इंग्रजी करारावर माझी सही आहे.

उत्तर : ताई, पैसे देऊ नका. बदनामीची भीती घालून पैसे मागणं म्हणजे भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०८ खालची खंडणी. इथे फिर्यादी तुम्ही आहात.

माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६७अ उघड लैंगिक चित्रण प्रसारित करणाऱ्याला लागतं. पहिल्याच गुन्ह्याला ५ वर्षांपर्यंत कैद आणि १० लाखांपर्यंत दंड. ज्या कलाकाराला अंधारात ठेवलं, त्याच्यासाठी ते नाही. पण आता तुम्हाला माहीत झालंय. जितका उशीर कराल, तितकं 'हिला सगळं ठाऊक होतं' म्हणायला त्यांचं फावेल. न्यायाधीशाचा झगा घातल्याची धास्ती सोडा, अभिनय म्हणजे तोतयेगिरी नव्हे.

तो व्हिडिओ कुणालाही पाठवू नका, अगदी 'बघ गं, काय केलंय माझं' म्हणून बहिणीलाही नाही. पाठवणं म्हणजेही प्रसारण. लिंक, तारीख, स्क्रीनशॉट आणि धमकीचे मेसेज जपा. फोन बदलू नका, काही पुसू नका.

शहरातल्या सीईएन (सायबर, आर्थिक आणि अमली पदार्थांच्या गुन्ह्यांसाठीच्या) पोलीस ठाण्यात जा. 'शूटिंग गोव्याचं, तिकडे जा' म्हणाले तर नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १७३ दाखवा. हद्द कुठलीही असो, तक्रार नोंदवावीच लागते. फिर्याद बहुधा कन्नडमध्ये उतरवली जाईल. ती वाचून दाखवणं आणि प्रत फुकट देणं कायद्यानेच बंधनकारक आहे. कन्नड वाचता येत नसेल तर 'मराठीत समजावून सांगा, मगच सही करते' असं स्पष्ट म्हणा. संकोचापोटी न वाचता सही केलेली माणसं मी पाहिली आहेत, आणि पुढे जबाब बदलताना त्यांचे झालेले हालही. महिला अधिकारी मागा. ज्या साइटवर व्हिडिओ आहे, तिच्या तक्रार अधिकाऱ्यालाही त्याच दिवशी लिहा.

राहिला करार. कामाचं खरं स्वरूप लपवून घेतलेली संमती १८७२ च्या करार कायद्याच्या कलम १९ नुसार तुम्हाला रद्द करता येते. त्यासाठी वकिलामार्फत लेखी नोटीस द्या. 'कौटुंबिक मालिका आहे' असा त्यांचा एखादा जुना मेसेज सापडला, तर तो सोबत जोडा.