बेस गायब होतो!

प्रश्न : मी बँडमध्ये बेस गिटार वाजवतो. बिग मफ या जुन्या मॉडेलच्या धाटणीचं नवं फझ पेडल (आवाज मुद्दाम फाटका, खरखरीत करणारं) घरी एकट्याने वाजवताना भिंती हलवतं, पण ड्रम आणि दोन गिटार सुरू झाल्या की माझा बेस गायबच! पेडल विकून टाकू का? – एक वाचक, नाशिक

उत्तर : थांबा, विकू नका. माझंही पहिल्या कार्यक्रमात हेच झालं होतं. ड्रमरने विचारलं, "आज वाजवत नाहीयेस का?"

तुम्ही लिहिलंय की पेडल बिग मफच्या धाटणीचं आहे. १९६९पासून चालत आलेल्या या सर्किटमध्ये मधल्या पट्टीत, म्हणजे खर्ज आणि तीव्र यांच्या मधल्या आवाजात, मोठा खड्डा असतो, आणि गर्दीत बेस ऐकू येतो तो बराचसा याच पट्टीमुळे. शिवाय फझ आवाजाच्या लाटेचे माथे सपाट कापतं. खरखर वाढते, बोटांचा ठोका मात्र हरवतो. म्हणून बेसचा मूळ, स्वच्छ आवाज फझसोबत मिसळा. पेडलवर 'ब्लेंड' बटण नसेल तर वेगळं ब्लेंडर पेडल मिळतं. अर्धा-अर्धा ठेवून सुरुवात करा, पेडलवरचं टोनचं (आवाजाची धार ठरवणारं) बटण थोडं वर न्या, सस्टेनचं (फझ किती ते ठरवणारं) निम्म्यावर आणा. आणि हे सगळं तालमीत करा. घरी जुळवलेला आवाज फसवा असतो.

बाकी फझ काही फक्त गिटारवाल्यांची मिरास नाही. अमेरिकेत नॅशव्हिलमध्ये मार्टी रॉबिन्सच्या 'डोन्ट वरी' या गाण्याच्या ध्वनिमुद्रणात वादक ग्रेडी मार्टिनचा सहा तारांचा बेस मिक्सरच्या बिघडलेल्या चॅनेलमधून गेला, आणि ते गाणं १९६१ साली गाजलं. मेस्ट्रो कंपनीचं फझ-टोन हे फझ पेडल १९६२ साली आलं ते त्या बिघाडाच्याच मागोमाग.